डोंगर, पाणी आणि कॅमेरा: गिर्यारोहण, डायव्हिंग आणि सिनेमा एकत्र करणाऱ्यांचे नेहमीचे प्रश्न

कडे चढणारा, समुद्रात उतरणारा आणि अधूनमधून पडद्यावर दिसणारा माणूस कसा जगतो, काय शिकतो, कशाने जायबंदी होतो, याबद्दल सतत विचारले जाणारे प्रश्न इथे एकत्र केले आहेत. उत्तरांत एक गोष्ट वारंवार येईल. डोंगरात आणि पाण्यात अवघड गोष्ट एकदा नीट केली की सुटलात, पण सिनेमात तीच सातव्यांदा, आठव्यांदा करावी लागते. बहुतेक अपघातांचं मूळ तिथेच असतं.

असं तिहेरी आयुष्य खरंच कुणी जगलं आहे का?

हो. १९२०च्या दशकात जर्मनीत आर्नोल्ड फँक यांनी डोंगरावरच्या चित्रपटांची एक परंपराच सुरू केली. स्टुडिओतल्या पुठ्ठ्याच्या कड्यांऐवजी ते नटांना खऱ्या आल्प्समध्ये नेत. लुई ट्रेंकर त्यांच्याकडे आले ते डोंगरातले वाटाडे म्हणून. मुख्य नटाला चढता येत नाही हे लक्षात आल्यावर भूमिका त्यांच्याकडे गेली आणि पुढे ते नट-दिग्दर्शक म्हणूनच ओळखले गेले.

याच चित्रपटांतून लेनी रीफेनश्टाल पुढे आली. मूळची नर्तिका, पण १९२६ पासून फँकच्या चित्रपटांत ती बर्फात आणि कड्यांवर स्वतः चढताना दिसते. पुढे तिने नाझी राजवटीसाठी प्रचारपट केले आणि तो डाग शेवटपर्यंत तिच्यासोबत राहिला. तिच्याबद्दल बोलताना हा भाग गाळला तर ते अर्धसत्य होईल. सत्तरी ओलांडल्यावर, वय वीस वर्षांनी कमी सांगून, तिने डायव्हिंगचं प्रमाणपत्र मिळवलं. पाण्याखालच्या चित्रीकरणातून तयार झालेला तिचा माहितीपट २००२ मध्ये, तिच्या शंभराव्या वाढदिवसाच्या सुमारास आला. वय लपवून डायव्हिंग शिकणं हा मात्र गिरवण्याजोगा कित्ता नव्हे. 

हान्स एर्टल स्वतः कसलेले गिर्यारोहक. १९३६च्या बर्लिन ऑलिंपिकमधल्या पाण्यात सूर मारण्याच्या स्पर्धा त्यांनी पाण्याखालून टिपल्या आणि १९५३च्या नंगा पर्बत मोहिमेचं चित्रीकरणही केलं. पाण्याच्या बाजूने पाहिलं तर लोट्टे हास हे नाव महत्त्वाचं. १९५१च्या लाल समुद्रावरच्या चित्रपटात ती कॅमेऱ्यासमोर डायव्हिंग करताना दिसली, तेव्हा बायकांनी हे करावं अशी कुणाची अपेक्षाच नव्हती. रिकू ब्राउनिंग यांनी १९५४ मध्ये एका अमेरिकी भयपटातला पाण्यातला राक्षस रंगवला. पोशाखात हवेची टाकी मावत नव्हती. त्यामुळे श्वास रोखून अभिनय करायचा आणि टेकच्या मधे नळीतून हवा घ्यायची, असं ते काम चालायचं.

आधी काय शिकावं, डोंगर की पाणी?

डोंगर. डायव्हिंगचा पहिला अभ्यासक्रम काही दिवसांत होतो आणि त्यानंतर १८ मीटरपर्यंत जाता येतं. पुढच्या पायरीवर ३० मीटर, आणि हौशी डायव्हिंगची कमाल मर्यादा ४० मीटर. प्रस्तरारोहणात मात्र हात, पाय आणि डोकं एकत्र चालायला काही वर्षं जातात, त्याला जवळचा रस्ता नाही. पाण्यात रेस्क्यू डायव्हरपर्यंतचं प्रशिक्षण पूर्ण झाल्याशिवाय सेटवर काम घेऊ नये. दुसऱ्याला बाहेर काढता येत नसेल तर चमूतला तुमचा भार बाकीच्यांवर पडतो.

कॅमेऱ्यासमोर उभं राहणं शेवटी. ते त्या मानाने लवकर जमतं.

एकाच वेळापत्रकात डोंगर आणि समुद्र दोन्ही असतील तर क्रम काय ठेवावा?

आधी डोंगर, मग समुद्र. उलटा क्रम जिवावर बेतू शकतो.

पाण्याखाली दाबाखालची हवा घेताना शरीरात नायट्रोजन विरघळतो. वर आल्यावर तो हळूहळू फुप्फुसांतून निघून जातो. निघून जाण्याआधीच तुम्ही कमी दाबाच्या जागी गेलात तर त्याचे रक्तात आणि ऊतींमध्ये बुडबुडे होतात. विमानाचा नियम बहुतेकांना पाठ असतो: डिकम्प्रेशनची (वर येताना मधे थांबून नायट्रोजन सोडण्याची) गरज नसलेली एकच डाइव्ह केली असेल तर किमान १२ तास, रोज किंवा दिवसातून अनेक डाइव्ह केल्या असतील तर किमान १८, आणि डिकम्प्रेशन थांबे घ्यावे लागले असतील तर त्याहून बराच जास्त वेळ थांबायचं. वेळापत्रक आखताना आम्ही सरसकट २४ तास धरतो.

लोक विसरतात ते हे की शरीराला विमान आणि घाट यांतला फरक कळत नाही. सकाळी डाइव्ह, दुपारी गाडीने २००० मीटरची खिंड ओलांडून रात्री डोंगरावरच्या तळावर मुक्काम, असा बेत कागदावर अगदी निरुपद्रवी दिसतो. रोपवेचंही तसंच. प्रॉडक्शनचा माणूस ‘विमानप्रवास नाही’ म्हणून निश्चिंत असतो, तेव्हा नकाशावरची उंची त्याला तुम्हीच दाखवायची.

उंचावरच्या तळ्यात डायव्हिंगचा प्रसंग असेल तर?

खोली तीच, पण धोका वाढलेला. समुद्रसपाटीला हवेचा दाब साधारण १ बार (बार हे दाबाचं एकक) असतो आणि दर १० मीटर पाण्याला आणखी १ बार वाढतो. म्हणजे २० मीटरवर ३ बार, आणि वर येताना दाब तिसऱ्या हिश्श्यावर येतो. ३००० मीटर उंचीवर हवेचा दाब सुमारे ०.७ बारच असतो. तिथे २० मीटरवर २.७ बार आणि वर आल्यावर ०.७, म्हणजे जवळजवळ चौपट फरक. शरीराच्या दृष्टीने ही डाइव्ह समुद्रातल्या २८ मीटरच्या आसपासची झाली.

म्हणून ३०० मीटरच्या वर उंचीवरच्या डायव्हिंगचे वेगळे तक्ते वापरायचे आणि डाइव्ह कॉम्प्युटर (खोली आणि वेळेवरून शरीरातल्या नायट्रोजनचा हिशोब ठेवणारं उपकरण) त्या उंचीला जुळवून घेतो का ते आधी तपासायचं. खालून नुकतेच वर आला असाल तर शरीरात तिथल्या मानाने जास्तीचा नायट्रोजन आधीपासूनच असतो. त्यामुळे पहिली डाइव्हसुद्धा दिवसातली दुसरी समजूनच मोजतात. आणि तळ्यावरून निघताना वाट आणखी वर चढत असेल तर वरचा प्रश्न पुन्हा वाचा.

पाण्याखाली पुन्हा पुन्हा टेक घेतल्याने नेमकं काय होतं?

टेक झाला, सगळे वर आले, दिग्दर्शकाने सूचना दिली, पुन्हा खाली. आलेख काढला तर करवतीच्या दात्यांसारखा दिसतो, आणि नायट्रोजनच्या दृष्टीने सगळ्यात वाईट आलेख तोच.

प्रत्येक वेळी वर येताना नसांमध्ये बारीक बुडबुडे तयार होऊ शकतात. एरवी फुप्फुसं ते गाळून टाकतात. पण लगेच पुन्हा खाली गेलात तर दाबाने ते बुडबुडे आकसतात, गाळणीतून निसटून धमन्यांच्या बाजूला जाऊ शकतात आणि पुढच्या वेळी वर येताना तिथे फुगतात. मेंदू आणि मज्जारज्जूला इजा होण्याची ही एक वाट आहे.

उपाय आखणीतच करायचे असतात. खोल समुद्र दाखवायचा असला तरी चित्रीकरण ३ ते ५ मीटर खोलीच्या टाकीत होऊ शकतं. तळ काळा केला आणि प्रकाश वरून सोडला की प्रेक्षकाला खोली कळत नाही. दिग्दर्शकाच्या सूचना पाण्याखालच्या स्पीकरवरून द्याव्यात, म्हणजे वर यायची गरजच उरत नाही. दिवसातलं सगळ्यात खोल काम पहिलं घ्यावं. वर येण्याचा वेग मिनिटाला ९ मीटरच्या आत ठेवावा आणि ५ मीटरवर ३ मिनिटं थांबावं, टेक कितीही घाईचा असला तरी.

आणखी एक. सगळ्यात जास्त खेपा हिरोच्या होत नाहीत. दिवे हलवणारा, केबल सोडवणारा, कॅमेरा वर पोचवणारा सहायक दिवसभर वर-खाली करतो आणि त्याच्या खेपा मोजायला कुणी नसतं. नोंदवही त्याचीही ठेवावी.

नटाच्या पाठीवर टाकी दिसत नाही. तो श्वास कुठून घेतो?

सेफ्टी डायव्हरकडून. क्रम साधारण असा असतो: नट जागेवर पोचतो, सेफ्टी डायव्हर त्याच्या तोंडात जादा रेग्युलेटर (टाकीतली हवा श्वासासाठी देणारं तोंडातलं साधन) देतो, दोन-तीन शांत श्वास होतात, नट बोटांनी ठीक असल्याची खूण करतो, रेग्युलेटर काढला जातो, डायव्हर चौकटीबाहेर सरकतो, बुडबुडे विरले की कॅमेरा सुरू. नटाने ठरलेली खूण केली, बहुतेकदा उघडा तळहात स्वतःच्या तोंडाकडे, की डायव्हरने दोन-तीन सेकंदांत पोचायला हवं. त्यामुळे चौकटीबाहेर म्हणजे हाताच्या अंतराच्या थोडंच पलीकडे. अंगठा वर करण्याचा अर्थ पाण्याखाली ‘मस्त’ असा होत नाही, ‘वर चला’ असा होतो. नवखे नट इथे हमखास चुकतात.

आता खरी मेख. ५ मीटरवर रेग्युलेटरमधून भरून घेतलेली हवा दीड बार दाबाची असते. फुप्फुसांत ६ लिटर असेल तर पृष्ठभागावर ती ९ लिटर व्हायला बघते. तलावात उडी मारणाऱ्या मुलाला श्वास रोखून वर येण्याने काही होत नाही, कारण त्याने हवा वरच भरलेली असते. रेग्युलेटरची हवा घेतलेल्या नटाने मात्र घाबरून तोंड मिटून वर झेप घेतली तर फुप्फुस फाटू शकतं. पूर्ण भरलेल्या फुप्फुसांना जेमतेम एक-सव्वा मीटरची झेपही पुरते. म्हणून पहिल्या दिवशी अभिनयाआधी एकच गोष्ट घोटून घ्यायची: वर येताना ‘आऽऽ’ म्हणत हवा सोडत राहायचं. पोहण्यात पटाईत असलेल्यांना हे जास्त वेळा शिकवावं लागतं, कारण त्यांची सवय उलटी असते.

नट-नट्या सात-सात मिनिटं श्वास रोखतात म्हणे?

प्रशिक्षकाच्या हाताखाली, शांत पडून राहून, तशा नोंदी झाल्या आहेत. केट विन्सलेटची सात मिनिटांहून अधिकची नोंद प्रसिद्ध आहे. पण ते आकडे स्थिर शरीराचे. पोहायचं, भांडायचं, चेहऱ्यावर भाव आणायचे म्हटलं की तयार माणसालाही तीस सेकंद ते एक मिनिट एवढंच धरून शॉट लावावा.

भराभर खोल श्वास घेऊन वेळ वाढवण्याचा प्रयत्न कुणालाही करू देऊ नका. त्याने ऑक्सिजन फारसा वाढत नाही, कार्बन डायऑक्साइड मात्र कमी होतो, आणि श्वास घ्यावासा वाटण्याची हाक त्याच्यामुळेच येते. हाक आलीच नाही तर माणूस कसलीही धडपड न करता बेशुद्ध होतो. वर आल्यावर पहिला श्वास घेतल्यानंतरही हे होऊ शकतं, म्हणून वर आलेल्या माणसाचा चेहरा पुढची तीस सेकंद तरी बघत राहायचं. दोन प्रयत्नांमध्ये पाण्याखालच्या वेळेच्या किमान दुप्पट विश्रांती हवी. टाकी लावून डाइव्ह केल्यावर त्याच दिवशी श्वास रोखून खोल बुड्या मारण्याचं काम घेऊ नये.

हवेचा हिशोब कसा करतात?

१२ लिटरची टाकी २०० बारला भरली की २४०० लिटर हवा. त्यातले ५० बार, म्हणजे ६०० लिटर, राखीव. उरले १८००. शांत डायव्हरला पृष्ठभागावर मिनिटाला सुमारे २० लिटर लागतात, १० मीटरवर दुप्पट, म्हणजे ४०. ही टाकी ४५ मिनिटं पुरते.

सेटवर हा हिशोब कोलमडतो. सेफ्टी डायव्हरच्या टाकीवर दोघं जगतात. पृष्ठभागावरचे प्रत्येकी २५ लिटर धरले तरी ५ मीटरवर त्याच्या दीडपट, दोघांचे मिळून मिनिटाला ७५, म्हणजे २४ मिनिटं. नट घाबरलेला असेल तर त्याहून कमी. थंडी वाजायला लागली की खप आणखी वाढतो. म्हणून नटाला हवा देणाऱ्या डायव्हरची टाकी १०० बारला आली की बदलायची, ५०ची वाट पाहायची नाही.

मास्कशिवाय पाण्याखाली दिसतं का?

धूसर. पाणी थेट बुबुळाला लागलं की डोळ्याची प्रकाश एकवटण्याची बरीचशी ताकद जाते. नटाला समोरच्याचा चेहरा नव्हे, फक्त आकार दिसतो. म्हणून खुणेची जागा मोठी आणि ठळक रंगाची ठेवतात, किंवा धातूवर ठकठक करून दिशा देतात. कॉन्टॅक्ट लेन्स घालून डोळे उघडले तर त्या वाहून जाऊ शकतात.

रंगांचंही लक्षात ठेवा. पाणी लाल रंग आधी गिळतं. पाच-सहा मीटरवर लाल पोशाख मळका तपकिरी दिसतो आणि त्याहून खोल गेलं की खरचटल्यावर आलेलं रक्त हिरवट-काळं. दिवे जवळ आणले की रंग परततो.

सर्वाधिक दिवस कशामुळे वाया जातात?

कानामुळे. शार्क नाही, वादळ नाही, कान. खाली जाताना नाक दाबून हलकेच हवा ढकलून कानातला दाब जुळवायचा, तोही दुखायच्या आधी, पहिल्या मीटरपासूनच. दिवसभर वर-खाली झालं की कानाकडे जाणारी नळी सुजते आणि पंधराव्या खेपेला दाब जुळतच नाही. जोर लावला तर पडदा फाटण्याची किंवा आतल्या कानाला कायमची इजा होण्याची भीती. सर्दी असताना औषध घेऊन नाक मोकळं करून उतरणं हा जुगार आहे: औषधाचा असर पाण्याखाली ओसरला तर वर येताना अडकलेली हवा बाहेर पडत नाही. सर्दी म्हणजे सुट्टी, हे करारातच लिहून घ्यावं.

पोशाख आणि वजनाची भानगड काय असते?

कापड फुलतं, तरंगतं आणि भिजलं की पाण्याबाहेर प्रचंड जड होतं. घेरदार झगा घातलेल्या नटीला वजनं लावल्याशिवाय तळाशी उभं राहता येत नाही, आणि वजनं लावली की स्वतःहून वर येता येत नाही. मध्यममार्ग असा: वजनं पोशाखात शिवायची नाहीत, कमरेच्या पट्ट्यात ठेवायची, आणि तो पट्टा एका हाताने एका झटक्यात सुटला पाहिजे. पट्ट्याचं बक्कल पोशाखाच्या वरच्या थरात उघडं राहील अशी चीर शिंप्याकडून ठेवून घ्यावी.

शूटिंगच्या टाकीतल्या गोड्या पाण्यात घेतलेली वजनांची चाचणी समुद्रात चालत नाही. माणूस आणि साधनं मिळून १०० लिटर पाणी बाजूला सारत असतील तर खाऱ्या पाण्यात सुमारे अडीच किलो शिसं जास्त लागतं.

पाणी हवेच्या मानाने पंचवीसेक पट वेगाने अंगातली ऊब काढून घेतं. टाकीचं पाणी ३० अंशांच्या आसपास ठेवलं तरी तासाभराने ओठ निळे पडू लागतात, आणि थरथरणारा जबडा क्लोजअपमध्ये लपत नाही.

डोंगरावरच्या पडण्याच्या प्रसंगाला कोणता दोर वापरावा?

पडणारा माणूस ज्या दोरावर आहे तो ताणणारा, म्हणजे डायनॅमिक हवा. कॅमेरामन लटकून काम करतो, दोरावरून वर-खाली करतो, त्याला कमी ताणणारा दोर बरा. दोन्ही दोर एकाच पिशवीत भरले आणि घाईत अदलाबदल झाली, की साध्या पडण्यातही कंबर मोडते. पिशव्यांचे रंग वेगळे ठेवा.

एकेरी दोराला यूआयएएच्या (गिर्यारोहण संघटनांच्या आंतरराष्ट्रीय महासंघाच्या) मानकानुसार ८० किलो वजनाचे किमान पाच फॉल्स (पडण्याचे झटके) सोसावे लागतात आणि पहिल्या फॉलचा धक्का १२ किलोन्यूटनच्या आत राहावा लागतो. त्या चाचणीतले फॉल्स फार कठोर असतात, सेटवरचा नेहमीचा फॉल त्यापुढे किरकोळ. पण इथेही टेकचा प्रश्न येतोच. ताणलेला दोर लगेच पूर्ववत होत नाही. पाठोपाठच्या फॉल्समध्ये तो कडक होत जातो आणि धक्का वाढत जातो. दोन टेकमध्ये दोरावरचा भार काढा, गाठ सोडून नव्याने बांधा, काही मिनिटं जाऊ द्या, आणि टोक बदला. कॅराबिनरवर (दोर अडकवायच्या धातूच्या कडीवर) घासणारा भाग दर टेकनंतर बोटांनी चाचपायचा: कुठे मऊ पडला, चपटा झाला, आवरण सरकलं, तर तो दोर त्या दिवसापुरता नव्हे, कायमचा बाद.

छोटं पडणं सुरक्षित, मोठं धोक्याचं, बरोबर?

हा दिग्दर्शकांचा आवडता गैरसमज आहे. धक्का ठरतो तो पडण्याची लांबी भागिले बाहेर असलेला दोर या गुणोत्तरावर, त्याला फॉल फॅक्टर म्हणतात. २० मीटर दोर बाहेर असताना ६ मीटर पडलात तर ०.३. बेले देणाऱ्याच्या (खालून दोर धरून सांभाळणाऱ्याच्या) जरा वर, ३ मीटर दोर बाहेर असताना ४ मीटर पडलात तर १.३ च्या वर. दिसायला दुसरं पडणं लहान, अंगाला कितीतरी जड.

सगळ्यात वाईट म्हणजे डायनीमाच्या स्लिंगने (मजबूत कृत्रिम धाग्याच्या पट्ट्याने) अँकरला (खडकातल्या पक्क्या आधाराला) जोडलेलं असताना अँकरच्या वर चढून घसरणं. ती स्लिंग जवळजवळ ताणतच नाही. गाठ मारलेली स्लिंग अशा धक्क्याने तुटल्याचं चाचण्यांत दिसलं आहे. ‘अर्धाच मीटर वर जा, चेहरा दिसत नाही’ असं कुणी म्हणालं की आधी जोडणी बदला, मग वर जा.

अँकर लावताना काय पाहायचं?

नट, कॅमेरा आणि कॅमेरामन यांचे अँकर वेगळे. दोन बिंदूंवर भार वाटत असाल तर मधला कोन ६० अंशांच्या आत. ६० अंशांना प्रत्येक बिंदूवर भाराचा ५८ टक्के हिस्सा येतो, ९० ला ७१ टक्के, आणि १२० अंशांना दोन्हींवर पूर्ण भार, म्हणजे दोन बिंदू लावून काहीच मिळवलं नाही. कॅराबिनर लांबीच्या दिशेने किमान २० किलोन्यूटनचा असतो, आडवा पडला की ७ चाच हिशोब, म्हणून भार येण्याआधी एकदा हाताने फिरवून बघायचा.

वरून खाली पडू शकेल अशी प्रत्येक वस्तू बांधलेली हवी: लेन्सचं झाकण, पेन, वॉकीटॉकी, मेकअपचा ब्रशसुद्धा.

पोशाखाखाली लपवलेल्या हार्नेसमध्ये (कंबर आणि मांड्यांना बांधायच्या पट्ट्यांमध्ये) किती वेळ लटकता येतं?

हालचाल न करता, काही मिनिटंच. मांड्यांचे पट्टे आवळलेले, पाय लोंबकळत, शरीर स्तब्ध, अशा अवस्थेत रक्त पायांत साठतं आणि गरगरून माणूस बेशुद्ध पडू शकतो. दिवे लावायला वेळ लागणार असेल तर नटाला खाली उतरवा किंवा पाय ठेवायला दोराचा फास द्या. टेक संपला की ‘कट’ म्हणण्याइतकंच ‘पाय टेकवा’ हे कुणाच्या तरी कामाच्या यादीत असायला हवं.

लपवलेल्या हार्नेसची दुसरी अडचण: त्याचं बक्कल कुणाला दिसत नाही. पोशाख चढवण्याआधी तपासा आणि चढवल्यावर कापडातून चाचपून पुन्हा तपासा, दोन वेगळ्या माणसांनी. शौचाला जाऊन आलेल्या नटाची तपासणी नव्याने करायची. ही सूचना हास्यास्पद वाटते, पण पट्टा अर्धवट अडकलेला सापडतो तो बहुधा याच वेळी.

उंचीवरचं शूटिंग शेड्यूलमध्ये कसं बसवायचं?

३००० मीटरच्या वर रोज झोपण्याची उंची ५०० मीटरपेक्षा जास्त वाढवायची नाही आणि दर तीन-चार दिवसांनी एक दिवस त्याच उंचीवर काढायचा. प्रॉडक्शनला हे दिवस फुकट गेल्यासारखे वाटतात. हेलिकॉप्टरने थेट ४००० मीटरवर उतरवलेला चमू पहिल्या दुपारी झकास काम करतो. विरळ हवेचा त्रास साधारण सहा ते बारा तासांनी सुरू होतो, म्हणून रात्री डोकेदुखी, मळमळ आणि दुसऱ्या दिवशी अर्धा चमू तंबूत. अ‍ॅसिटाझोलामाइड हे औषध, बहुधा १२५ मिलिग्रॅम दिवसातून दोनदा, डॉक्टरांच्या सल्ल्याने घेतलं जातं. पण ते चढण्याचा वेग वाढवायचा परवाना नाही.

नट तोल जात चालतोय, बडबडतोय, हा अभिनय नाही अशी शंका आली तर सरळ रेषेत टाच-चवडा जोडून चालायला लावा. जमलं नाही तर मेंदूला सूज आली आहे असं धरून त्याच घडीला खाली उतरवा, अंधार असला तरी.

डिकम्प्रेशनचा (नायट्रोजनच्या बुडबुड्यांचा) त्रास आणि उंचीचा त्रास यांत गल्लत होते का?

होते, आणि महागात पडते. दोन्हींत थकवा, डोकं दुखणं, तोल जाणं. सांधेदुखी, अंगावर चट्टे, मुंग्या, पाय जड होणं, लघवी न होणं ही लक्षणं डिकम्प्रेशनकडे बोट दाखवतात. गेल्या दोन दिवसांत डाइव्ह झाली असेल तर दुसरं काही सिद्ध होईपर्यंत तेच समजायचं.

डोंगरात खाली उतरणं हाच उपचार. पाण्यात मात्र पुन्हा खाली नेणं हा उपचार नाही. रुग्णाला आडवं झोपवा, १०० टक्के ऑक्सिजन द्या, शुद्धीत असेल तर पाणी पाजा आणि रीकम्प्रेशन चेंबरकडे (पुन्हा दाब वाढवून उपचार करायच्या बंदिस्त कक्षाकडे) न्या. हेलिकॉप्टर असेल तर वैमानिकाला शक्य तितकं खालून, ३०० मीटरच्या आत उडायला सांगा. ऑक्सिजनने बरं वाटलं म्हणून चेंबर टाळू नका, त्रास उलटतो.

वैद्यकीय तपासणीत काय लपवलं जातं?

दमा, फिट येणं, हृदयविकार आणि वय. आपोआप फुप्फुसाला छिद्र पडून हवा साठण्याचा प्रकार एकदा होऊन गेला असेल तर डायव्हिंग सहसा कायमचं बंद, प्रस्तरारोहण कदाचित चालेल. म्हणून डोंगरासाठी मिळालेला दाखला पाण्यासाठी चालवून घेऊ नये. हृदयाच्या वरच्या कप्प्यांमधलं जन्मजात छिद्र पुष्कळांत उघडं राहिलेलं असतं आणि एरवी कळतही नाही, पण बुडबुडे त्यातून थेट धमन्यांत जाऊ शकतात. कारण सापडत नसताना डिकम्प्रेशनचा त्रास झाला असेल तर ही तपासणी करून घ्यावी.

डोंगराची साधनं समुद्रकिनारी वापरली तर?

वापरा, पण मिठाची किंमत मोजायची तयारी ठेवा. अ‍ॅल्युमिनियमचे कॅराबिनर खाऱ्या हवेत पांढरे पडतात, आतली स्प्रिंग गंजते, दार अर्धवट बंद होतं. रोज गोड्या पाण्यात बुडवून, वाळवून, बिजागरीला वंगण द्यावं. नायलॉनचा दोर ओला झाला की फॉल सोसण्याची क्षमता घटते. वाळल्यावर ती बरीचशी परतते, पण मीठ आणि वाळूचे कण आत घासत राहतात. समुद्रकड्यावर वापरलेला दोर धुऊन, सावलीत वाळवून, त्याच कामासाठी वेगळा ठेवावा. दिव्यांच्या बॅटऱ्यांशेजारी दोर ठेवू नये, आम्लाची वाफसुद्धा नायलॉन पोखरते आणि ते डोळ्यांना दिसत नाही.

कॅमेरा कुठे दगा देतो?

थंडीत बॅटरी, पाण्यात ओ-रिंग, म्हणजे पाणी आत येऊ न देणारी रबरी कडी. लिथियमच्या बॅटऱ्या अंगाशी, आतल्या खिशात ठेवा आणि शॉटच्या वेळीच लावा. तंबूत शिरताना कॅमेरा हवाबंद पिशवीत घालून आणा, नाहीतर लेन्सच्या आत बाष्प धरतं.

कॅमेऱ्याच्या जलरोधक डब्याची ओ-रिंग काढून खाच तंतू न सुटणाऱ्या कोरड्या कापडाने पुसा, रिंग बोटांतून फिरवून चीर शोधा, सिलिकॉन ग्रीस फक्त चमक येईल इतकंच लावा. जास्त ग्रीस म्हणजे जास्त वाळू चिकटणार. एक केस आडवा आला तरी डबा गळतो. डबा दमट डेकवर नव्हे, कोरड्या खोलीत बंद करा, आणि पहिली बुडी कॅमेऱ्याशिवाय द्या. बुडबुड्यांची सलग रेघ दिसली की लगेच वर.

डबल (नटाच्या जागी अवघड प्रसंग करणारा) असताना नटाने स्वतः किती करावं?

चेहरा ओळखू येईल तितकंच. ‘क्लिफहँगर’मध्ये सिल्वेस्टर स्टॅलोनच्या जागी वोल्फगांग ग्यूलिश यांच्यासारखा त्या काळातला अव्वल प्रस्तरारोहक चढला, आणि त्यात कमीपणा काहीच नाही. नटाचे क्लोजअप जमिनीपासून तीन मीटरवरच्या दगडावर, खाली गाद्या टाकून घेता येतात. डबलने मात्र नटाची चढण्याची पद्धत उचलायची असते: कोणता हात आधी जातो, हातांना लावायची खडूची भुकटी कुठल्या बाजूच्या पिशवीत आहे. संकलनात पकडलं जातं ते हेच.

काम स्वीकारण्याआधी काय विचारावं?

सुरक्षेचा शेवटचा शब्द कुणाचा, आणि तो माणूस दिग्दर्शकाचा पगारी सहायक तर नाही ना? एका दिवसात जास्तीत जास्त किती टेक? जवळचं रीकम्प्रेशन चेंबर चालू आहे का, हे कुणी फोन करून खातरजमा केली आहे का? विम्यात डायव्हिंग आणि दोरावरचं काम दोन्ही नावानिशी लिहिलं आहे का? ‘स्टंट’ हा मोघम शब्द असेल तर दावा करताना वाद होतो. दमलो म्हणून थांबलो तर मानधन कापणार का, हेही आधीच विचारावं. उत्तर आडवळणाचं आलं तर नकार द्यायला तेवढं कारण पुरे.

स्वतःची साधनं न्यावीत की प्रॉडक्शनची वापरावीत?

मास्क, बूट, हार्नेस आणि डाइव्ह कॉम्प्युटर स्वतःचे. मास्क चेहऱ्यावर बसलेला हवा, हार्नेसचा इतिहास माहीत असलेला हवा. कॉम्प्युटर तर एका शिफ्टपुरतासुद्धा दुसऱ्याला देऊ नये. त्यात तुमच्या शरीरातल्या नायट्रोजनची नोंद असते, आणि परत मिळेल तेव्हा तो दुसऱ्याच कुणाच्या शरीराचा हिशोब तुम्हाला दाखवत असेल.